शाळेतले लिपिक, शिपाई, परिचर : समान पगार आणि बढतीचा हक्क मागायचा कुठं? (कोल्हापूर जिल्हा)

करवीरकर

मी करवीर तालुक्यातल्या एका अनुदानित माध्यमिक शाळेत कनिष्ठ लिपिक आहे. शाळेचं नाव लिहीत नाही. हीच गोष्ट पन्हाळा, राधानगरी, शिरोळ कुठल्याही तालुक्यातल्या शाळेत सापडेल.

आमच्या कार्यालयात दोन टेबलं. एका टेबलावर मी, सातव्या वेतन आयोगाच्या एस-६ स्तरावर, म्हणजे मूळ पगार १९,९०० पासून सुरू होणाऱ्या श्रेणीत. दुसऱ्या टेबलावर संस्थेनं नेमलेली एक ताई. तिला महिन्याला आठ हजार, आणि मे महिन्याचा पगार नाही. जनरल रजिस्टर ती लिहिते, दाखले ती काढते, यू-डायस (शाळेची माहिती) आणि अपार (विद्यार्थ्यांचे ओळख क्रमांक) या पोर्टलांवरची माहिती ती भरते. दहावीचे फॉर्म आम्ही निम्मे निम्मे वाटून घेतो. शालार्थ या पगाराच्या ऑनलाईन प्रणालीतली बिलं तेवढी माझ्याकडं, पण मी रजेवर असलो की तीही तीच बघते. काम सारखं, वेळ सारखी, आणि चूक झाली तर बोलणीही सारखीच खावी लागतात.

आमचे वरिष्ठ लिपिक निवृत्त होऊन बराच काळ झाला. ते पद भरलंच नाही. वेतन पथकाशी (शाळांचे पगार मंजूर करणारं सरकारी कार्यालय) पत्रव्यवहार, सेवापुस्तकांच्या नोंदी, लेखापरीक्षण, संच मान्यतेची (शाळेला किती पदं मंजूर त्याची) माहिती ही त्यांची सगळी कामं माझ्याकडं आली, पगार मात्र कनिष्ठ लिपिकाचाच. विचारलं की तोंडी उत्तर मिळतं, "पद बसत नाही."

आमचे शिपाई मामा बी.ए. आहेत, टंकलेखनाची परीक्षा पास आहेत. ग्रंथपाल नाही म्हणून पुस्तकांची देवघेव तेच करतात. लिपिक होण्याची त्यांची इच्छा मुख्याध्यापकांना माहीत आहे, संस्थेलाही माहीत आहे. ते शिपाई म्हणूनच निवृत्त होतील असं दिसतंय.

संघटनेच्या मोर्चाला आम्ही दसरा चौकात जातो, निवेदन देतो, परत येतो. मोर्चे हवेतच. पण एकेका माणसानं आपला हक्क कुठल्या दारात, कुठल्या कागदावर मागायचा हे कुणी नीट सांगेल का? ज्यांनी हे केलंय त्यांनी लिहावं, ही कळकळीची विनंती.

गडहिंग्लजचे आप्पा

मुख्य लिपिक म्हणून निवृत्त झालोय. आयुष्य या फायलींत गेलं, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

करवीरकर, पहिला प्रश्न तुम्हालाच. तुमच्या शाळेची शिक्षकेतर कर्मचाऱ्यांची सेवाज्येष्ठता यादी तुम्ही शेवटची कधी बघितली? त्यावर तुमची सही आहे का?

महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी सेवाशर्ती नियमावली, १९८१. तिचा नियम १२ काढून वाचा. प्रत्येक व्यवस्थापनानं शिक्षकांबरोबर शिक्षकेतरांचीही ज्येष्ठता यादी ठेवायची आहे, अनुसूची 'फ' मधल्या तत्त्वांप्रमाणे. यादी कर्मचाऱ्यांत फिरवायची, प्रत मिळाल्याच्या सह्या घ्यायच्या, हरकती आल्या तर विचारात घ्यायच्या. वाद मिटला नाही तर तो शिक्षणाधिकाऱ्यांकडं निर्णयासाठी जातो. आता जिल्ह्यातल्या किती शाळांत शिक्षकेतरांची यादी दरवर्षी फिरते ते आपापल्या मनाला विचारा. शिक्षकांची यादी फिरते, कारण मुख्याध्यापकपद त्यावर ठरतं आणि शिक्षक भांडतात. आपण भांडत नाही. आपणच टाईप करतो ती यादी, आणि आपल्याच नावांची यादी टाईप करायची राहून जाते.

बढतीची सगळी इमारत या एका कागदावर आहे. यादी नाही म्हणजे डावललं हे सिद्ध करायला आधार नाही.

दुसरा कागद कामवाटपाचा आदेश. तुम्ही वरिष्ठ लिपिकाची कामं करताय ना? कुणाच्या आदेशानं? तोंडी? मग उद्या संस्था म्हणेल, हे तर स्वतःहून करत होते. मुख्याध्यापकांना साधा अर्ज द्या : अमुक तारखेपासून पुढील कामं मी करत आहे, कृपया कामवाटपाचा लेखी आदेश मिळावा. आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय टेबलावरून हलू नका. आदेश मिळाला तर उत्तम. नाही मिळाला तरी तो आवक क्रमांक तुमचा साक्षीदार.

तिसरं सेवापुस्तक. दुय्यम प्रत स्वतःकडं ठेवा आणि दरवर्षी मूळ प्रतीशी ताडून बघा. पदवी मिळवली, टंकलेखन पास झालात, संगणकाचं प्रमाणपत्र घेतलंत, सगळ्याची नोंद झाली पाहिजे. तुमच्या शिपाई मामांच्या बी.ए.ची नोंद त्यांच्या सेवापुस्तकात आहे का? आजच बघा. मी असे लोक बघितलेत ज्यांची पदवी घरात भिंतीवर लावलेली होती आणि सेवापुस्तकात दहावी पास.

शिपायाची लेक

आप्पा, तुमचं लिहिणं वाचून डोळे भरून आले. माझे वडील भुदरगडच्या एका शाळेत शिपाई होते. सकाळी सगळ्यांच्या आधी शाळा उघडायची आणि संध्याकाळी सगळ्यांच्या नंतर बंद करायची. घंटा, पाणी, झाडलोट, बँक, पोस्ट, तालुक्याला टपाल. शाळेत एखादं पोर आजारी पडलं तर सायकलवर घालून घरी सोडायचे. त्या पगारावर आम्ही तिघं भावंडं शिकलो.

ते निवृत्त झाले आणि ते पदच संपलं. ११ डिसेंबर २०२०च्या शासन निर्णयानं शाळांतली चतुर्थश्रेणीची पदं पुढं भरायची नाहीत, त्याऐवजी शाळेला शिपाई भत्ता द्यायचा असं ठरलं. मुंबई-पुण्याला महिन्याला १०,०००, इतर महापालिकांच्या हद्दीत ७,५००, ग्रामीण भागात ५,०००. आता असलेला माणूस निवृत्तीपर्यंत राहील, पण त्याच्या जागी येणारा कायमचा कर्मचारी नसेल.

पाच हजारांना सव्वीस दिवसांनी भागा. दिवसाला १९२ रुपये येतात. त्या वर्षी, २०२०-२१ मध्ये, महाराष्ट्रात रोजगार हमीच्या कामावर दिवसाची मजुरी २३८ रुपये होती. २०२५-२६ ला ती ३१२ झाली. खडी फोडणारीला जो दर शासन स्वतः ठरवतं, त्याहून कमी दरात शाळा उघडणारा, शाळा राखणारा माणूस मिळावा असं शासनालाच वाटतंय. याला न वेतनश्रेणी, न वेतनवाढ, न बढती, न निवृत्तिवेतन. माझ्या वडिलांना एस-१ स्तर होता, १५,००० पासून पुढं. कुलूप तेच, घंटा तीच, झाडायचं पटांगण तेच आहे. मग पगार एक तृतीयांश कसा झाला?

समान पगाराची चर्चा कुठून सुरू करायची तर इथून करा. लिपिकांच्या बढतीबद्दल बोलताना चतुर्थश्रेणीला मागं सोडू नका.

कागलचा मास्तर

मी शिक्षक आहे. मनापासून एक शंका विचारतो, राग नसावा. समान वेतन म्हणजे नक्की कुणाशी समान? बी.एड. शिक्षकाला एस-१४ आहे, ३८,६०० पासून. लिपिकाला एस-६. पात्रता वेगळी, निवड वेगळी. आम्हाला शिक्षक भरतीचं पवित्र पोर्टल आणि अभियोग्यता चाचणी पार करून यावं लागतं. "सगळ्यांना सारखं" ही मागणी मला पटत नाही, आणि त्यामुळं शिक्षकांची सहानुभूती जाईल.

करवीरकर

सर, शिक्षकाइतका पगार कुणीच मागितला नाही. लिपिकाला लिपिकाइतका मिळावा. शेजारच्या टेबलावरच्या ताईला माझ्याइतका, आणि मला मी ज्या पदाचं काम करतोय त्या पदाचा. वरिष्ठ लिपिकाला एस-८ आहे, २५,५०० पासून. शिपायाला शिपायाइतका.

सहानुभूतीचं म्हणाल तर एक सांगतो. तुमची वेतनश्रेणी निश्चिती, वैद्यकीय देयकं, भविष्य निर्वाह निधीचं कर्ज, निवृत्तिवेतनाचा प्रस्ताव हे सगळं या टेबलावरून जातं. उन्हाळ्याच्या सुट्टीत कार्यालय उघडं असतं ते आमच्यामुळं. आमच्या मागणीच्या अर्जावर शाळेतल्या शिक्षकांनी पाठिंब्याच्या सह्या केल्या तर संस्थेला तो अर्ज बाजूला ठेवता येणार नाही. तुमच्या शाळेत ते कराल का?

कागलचा मास्तर

असं मांडलंत तर पटतं. सह्या करू, इतरांनाही सांगतो.

ताराराणी चौक

वकिली करते, शाळांची प्रकरणं बरीच बघितली आहेत. इथं जे लिहिते ते सर्वसाधारण माहिती म्हणून घ्या. आपापली कागदपत्रं कुणा वकिलाला दाखवल्याशिवाय पुढं जाऊ नका.

आधी दारं कोणती ते समजून घेऊ, कारण चुकीच्या दारात उभं राहून लोकांची वर्षं जातात.

शाळा न्यायाधिकरण कोल्हापुरातच आहे. आप्पांनी सांगितलेली नियमावली ज्या कायद्याखाली आहे, त्या खाजगी शाळा कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींच्या १९७७च्या अधिनियमाच्या कलम ९ खाली त्याच्याकडं अपील करता येतं. शिक्षकेतरही त्यात येतात, 'कर्मचारी' म्हणजे फक्त शिक्षक असा गैरसमज ठेवू नका. पण विषय ठरलेले आहेत : बडतर्फी, सेवेतून काढणं, कुठल्याही रीतीनं सेवा संपवणं, पदावनती, आणि पदोन्नतीत डावलणं. मुदत ३० दिवस. सबळ कारण असेल तर उशीर माफ होऊ शकतो, पण "साहेब म्हणाले थांबा" हे सबळ कारण होत नाही. तुमच्याहून कनिष्ठ माणसाला वरच्या पदावर बसवलं की त्या दिवसापासून कॅलेंडर बघायला लागा.

करवीरकर, तुमच्या प्रकरणात अजून कुणाला बसवलेलं नाही, पद रिकामं ठेवलंय. ही डावलणूक ठरायची नाही, म्हणून न्यायाधिकरण हे तुमचं पहिलं दार नाही. अधिनियमाचं कलम ५ म्हणतं की कायम रिक्त पद व्यवस्थापनानं शक्य तितक्या लवकर, पात्र माणूस नेमून, विहित रीतीनं भरलं पाहिजे. "पद बसत नाही" हे खरं की खोटं ते संच मान्यतेवरून कळेल. पूर्वी चिपळूणकर समितीच्या निकषांवर शिक्षकेतर पदं ठरायची, आता २८ जानेवारी २०१९च्या शासन निर्णयाचा आकृतिबंध (कुठली पदं किती असावीत याचा तक्ता) आहे. तुमच्या शाळेच्या संच मान्यतेत वरिष्ठ लिपिकाचं पद मंजूर आहे का, याची प्रत शिक्षणाधिकारी (माध्यमिक) कार्यालयातून माहिती अधिकारात मागा. ३० दिवसांत उत्तर आलं पाहिजे. पद मंजूर असेल तर संस्था आणि शिक्षणाधिकारी दोघांना लेखी मागणी करा. मंजूर नसेल तर लढाई आकृतिबंधाशी आहे, ती संघटनेनं लढायची. दोन्हीची गल्लत केली की माणूस दमतो.

आता पगार. पगाराच्या फरकाची मागणी कलम ९ मध्ये बसत नाही. ती शिक्षणाधिकारी, उपसंचालक आणि शेवटी उच्च न्यायालय अशी जाते. इथं आपल्याकडं मोठा फरक पडलाय. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झालंय, कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी. एका शिपायानं मुंबईला वकील धरायचा, रात्रीची गाडी पकडायची, तारीख पडली की परत यायचं, या खर्चापायी किती रिट याचिका लिहिल्याच गेल्या नाहीत. आता ते दार कोल्हापुरातच, सीपीआर रुग्णालयासमोर आहे.

समान कामाला समान वेतन हे घटनेच्या अनुच्छेद ३९(घ) मधलं मार्गदर्शक तत्त्व आहे. १९८२ मध्ये रणधीर सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं ते अनुच्छेद १४ आणि १६ शी जोडून वाचलं. २६ ऑक्टोबर २०१६च्या जगजीत सिंग निकालात तात्पुरत्या आणि कंत्राटी कर्मचाऱ्यांबद्दल स्पष्ट सांगितलं की नियमित पदावरच्या माणसाचंच काम ते करत असतील तर त्या पदाच्या वेतनश्रेणीचा किमान टप्पा त्यांना मिळाला पाहिजे. कमी पगारावर माणूस खुशीनं सही करत नाही, घर चालवायचं असतं म्हणून करतो, हेही न्यायालयानं त्यात ओळखलंय. मात्र काम सारखंच आहे हे सिद्ध करण्याचा भार मागणाऱ्यावर आहे. नुसतं पदनाम सारखं असून चालत नाही, जबाबदारी आणि पात्रताही बघतात. आप्पा कामवाटपाच्या आदेशावर एवढा जोर देतात त्याचं कारण हेच.

आणखी एक. हा अधिनियम अनुदान घेणाऱ्या आणि न घेणाऱ्या, दोन्ही प्रकारच्या खाजगी शाळांना लागू आहे. कलम ३ मध्ये तसं लिहिलंय. "आम्ही विनाअनुदानित, आम्हाला वेतनश्रेणीचं बंधन नाही" हे विधान कायद्यात टिकत नाही.

संस्थेचा माणूस

मी एका छोट्या शिक्षण संस्थेच्या कार्यकारिणीवर आहे. इथं संस्थांवर बरंच लिहिलं गेलंय, आमची बाजूही ऐका. पदभरतीला मान्यता मागितली की वर्षानुवर्षं फाईल फिरते. वेतनेतर अनुदान, म्हणजे पगार सोडून इतर खर्चासाठीचं, वीजबिल आणि खडूला पुरत नाही. पण कार्यालयाचं काम तर दरवर्षी वाढतंय, नवी पोर्टलं येतात, माहिती आजच्या आज हवी असते. मग आम्ही सभासदांच्या वर्गणीतून मुलगी नेमतो, जमेल तेवढे देतो. तिला एस-६ प्रमाणे पगार द्यायचा ठरवला तर शाळा बंद करावी लागेल. आम्ही लुटारू नाही.

गडहिंग्लजचे आप्पा

साहेब, तुम्ही लिहिलंत हे चांगलं केलंत. लुटारू कुणी म्हटलेलं नाही. पण तुमच्या अडचणीचा सगळा भार तुम्ही त्या मुलीच्या पगारावर टाकलाय. तो भार शासनाच्या दारात नेऊन ठेवा. मान्यता अडली असेल तर संस्था म्हणून तुम्ही सर्किट बेंचला जा, कर्मचाऱ्याला बरोबर घेऊन जा. आणि पैसा लागत नाही अशा गोष्टी तरी आधी करा : ज्येष्ठता यादी फिरवा, गोपनीय अहवाल वेळेवर लिहा, आश्वासित प्रगतीचे (बढती नसली तरी ठरावीक वर्षांनी वरची श्रेणी देण्याचे) प्रस्ताव अडवून ठेवू नका, शिपाई पात्र असेल तर त्याचं नाव लिपिकपदासाठी आधी पाठवा. यातल्या कशाला वर्गणी लागते?

प्रयोगशाळा, इचलकरंजी

मी प्रयोगशाळा परिचर हाय. आमाला बढतीच न्हाई. पद संपतंय तिथंच शिडी संपती. आम्ल कुठलं, अल्कली कुठलं, बाटली कशी धरायची हे मी पोरास्नी दाखवतो, प्रात्यक्षिकाची मांडणी मीच करतो. पण कागदावर मी बाटल्या धुणारा. लई वर्सं झाली, पैल्या फायद्याचा प्रस्ताव गेला तवा गोपनीय अहवालच सापडंनात. काय करावं?

गडहिंग्लजचे आप्पा

दादा, तुमच्यासारख्यांसाठीच सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना आहे. बढतीची जागाच नसेल तर माणूस एका श्रेणीत कुजू नये म्हणून. राज्य कर्मचाऱ्यांना ती १९९४ पासून बारा वर्षांनी होती. मग २०१०च्या निर्णयानं बारा आणि चोवीस वर्षं असे दोन लाभ झाले, आणि २ मार्च २०१९च्या निर्णयानं दहा, वीस, तीस असे तीन. आपल्या शाळांपर्यंत प्रत्येक टप्पा उशिरा आणि भांडूनच आलाय. म्हणून वेतन पथकाला लेखी विचारा : माझ्या नेमणुकीच्या तारखेला आणि माझ्या पदाला कुठला शासन निर्णय लागू, आणि माझा लाभ कुठल्या तारखेला देय.

गोपनीय अहवाल लिहिणं आणि जपणं ही शाळेची जबाबदारी. ते हरवले याची शिक्षा तुम्हाला नको. "अहवाल उपलब्ध नाहीत" हे मुख्याध्यापकांकडून लेखी घ्या, आणि प्रस्ताव त्या पत्रासकट पुढं पाठवायला लावा. आणि एक ध्यानात ठेवा सगळ्यांनीच : देऊ केलेली नियमित बढती नाकारली तर हा लाभही जातो. गाव सोडावं लागतं म्हणून बढती नको म्हणणारे यात फसतात.

दुसरं टेबल

करवीरकरदादांनी ज्या ताईबद्दल लिहिलंय ती मीच. त्यांनी मला हा धागा दाखवला. मी बी.कॉम. आहे, टंकलेखन दोन्ही भाषांत झालंय. एवढंच विचारायचंय. मी अर्ज दिला आणि जूनला मला बोलावलंच नाही तर? माझ्याकडं नेमणुकीचं पत्रसुद्धा नाही. पगार व्हाउचरवर रोख मिळतो.

ताराराणी चौक

ताई, भीती खरी आहे आणि ती घालवण्यासाठी मी खोटा धीर देणार नाही. नेमणूकपत्र नाही, जाहिरात नाही, पद मंजूर की नाही माहीत नाही, अशा स्थितीत कायम करा ही मागणी अवघड जाते. २००६च्या उमादेवी निकालानं मागच्या दारानं झालेल्या नेमणुका कायम करण्यावर बंधनं घातली. पण डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानंच सांगितलं की वर्षानुवर्षं नियमित गरजेचं काम करून घ्यायचं आणि उमादेवीचा आधार घेऊन माणसाला झटकायचं, हे चालणार नाही. म्हणजे दार बंद नाही, पण जाताना हातात पुरावा हवा.

म्हणून आत्ता अर्ज देऊ नका. आधी पुरावे गोळा करा. व्हाउचरच्या प्रती, तुमच्या अक्षरातल्या नोंदींची पानं, पोर्टलवर तुमच्या नावानं लॉगिन असेल तर त्याचा पुरावा, मुख्याध्यापकांचे कामाबद्दलचे मोबाईलवरचे निरोप. पुढच्या महिन्यापासून पगार बँकेत जमा करा एवढीच साधी विनंती करा, त्याला नाही म्हणायला कुणाला सबळ कारण नसतं. बँकेतली नोंद सुरू झाली की तुम्ही तिथं काम करता हे कुणाला नाकारता येणार नाही.

शिपायाची लेक

ताई, भिऊ नका. आणि करवीरकर, जबाबदारी तुमची. कायम माणसानं पुढं व्हायचं असतं. तिच्या कामाचं वाटप तुमच्या अर्जात लिहा, म्हणजे शाळेच्या आवक नोंदवहीत तिचं काम तिच्या अर्जाशिवायही नोंदलं जाईल.

करवीरकर

हे सुचलं नव्हतं. तसंच करतो. आज मामांचं सेवापुस्तक काढलं. टंकलेखनाची नोंद आहे, बी.ए.ची नाही. गुणपत्रकं घेऊन सोमवारी अर्ज देतोय, सोबत ज्येष्ठता यादीची मागणी आणि माझ्या कामवाटपाचा अर्ज. संच मान्यतेसाठी माहिती अधिकाराचा अर्ज नागाळा पार्कात जिल्हा परिषदेला स्वतः जाऊन देईन.

आप्पा, ज्येष्ठता यादी मागणीच्या अर्जाचा मसुदा इथं टाकाल का? नियमाच्या उल्लेखासकट. जिल्ह्यातल्या प्रत्येकाला तोच वापरता येईल.

गडहिंग्लजचे आप्पा

घ्या.

"प्रति, मा. मुख्याध्यापक. विषय : शिक्षकेतर कर्मचाऱ्यांची सेवाज्येष्ठता यादी मिळणेबाबत. महोदय, महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) नियमावली, १९८१ मधील नियम १२ व अनुसूची 'फ' नुसार आपल्या शाळेतील शिक्षकेतर कर्मचाऱ्यांची चालू वर्षाची सेवाज्येष्ठता यादी मला मिळालेली नाही. सदर यादीची प्रत देण्यात यावी व हरकत नोंदविण्याची संधी मिळावी, ही विनंती."

खाली नाव, पद, नेमणुकीची तारीख, सही. दोन प्रती काढा. एकीवर आवक शिक्का घेऊन ती घरी ठेवा, शाळेच्या कपाटात नको. संस्थेच्या एकाहून जास्त शाळा असतील तर यादी संस्थेची एकत्र लागेल, तसा बदल करा. शाहूवाडी, गगनबावड्याकडच्या कुणाला आणखी मसुदे हवे असतील तर इथंच लिहा, मी रोज संध्याकाळी बघतो.